विरळ वस्तीतील स्थानिक स्वराज्य : सास्काचेवानमधील ग्रामीण पालिका

प्रस्तावना

स्थानिक स्वराज्य संस्थांच्या अभ्यासात लोकसंख्या हा निकष बहुधा गृहीत धरला जातो. महाराष्ट्रातील ग्रामपंचायतीची सदस्यसंख्या सात ते सतरा यांच्या दरम्यान किती असावी, हे लोकसंख्येवरून ठरते. नगर परिषदांचे वर्गही लोकसंख्येवरूनच पाडले जातात. आधी वस्ती आणि मग त्या वस्तीची संस्था, असा हा क्रम आहे. कॅनडाच्या प्रेअरी प्रदेशात, म्हणजे मॅनिटोबा, सास्काचेवान व आल्बर्टा या तीन प्रांतांच्या दक्षिणेकडील गवताळ मैदानात, हा क्रम उलटा झालेला दिसतो. तेथे प्रथम जमीन मोजून तिचे चौकोन पाडण्यात आले, त्यानंतर त्यांवर शेतकरी वसले आणि अशा चौकोनांच्या समूहांना पालिकेचा दर्जा मिळाला. पुढे बरीच माणसे निघून गेली. पालिका मात्र राहिल्या.

सास्काचेवानच्या नैर्ऋत्य भागातील 'ग्लेन मॅकफर्सन क्रमांक ४६' ही अशीच एक पालिका आहे. तिचे क्षेत्रफळ सुमारे ८४८ चौरस किलोमीटर, म्हणजे बृहन्मुंबई महानगरपालिकेच्या क्षेत्राच्या दीडपटीहून अधिक आहे. २०१६ च्या जनगणनेत या क्षेत्रात केवळ ७२ माणसांची नोंद झाली. इतक्या थोड्या माणसांची पालिका टिकते कशी, तिने आजवर काय साधले आणि ती स्वतंत्र राहावी काय, या तीन प्रश्नांचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

जमिनीची मोजणी आणि पालिकेचा पाया

१८७० साली हडसन्स बे कंपनीच्या ताब्यातील विस्तीर्ण प्रदेश कॅनडाकडे आला. तो निर्जन नव्हता. क्री, सोटो, असिनिबोइन, ब्लॅकफूट इत्यादी आदिवासी समाज व मिश्र वंशाचे मेटी लोक तेथे राहत होते, आणि त्यांचे जीवन प्रामुख्याने रानगव्यांवर अवलंबून होते. १८७४ च्या चौथ्या व १८७६ च्या सहाव्या करारान्वये आजच्या दक्षिण व मध्य सास्काचेवानमधील बहुतेक भूमीसंबंधी शासनाने आदिवासींशी करार केले. १८८० च्या सुमारास रानगव्यांचे कळप नष्टप्राय झाले आणि उपासमारीच्या रेट्याखाली आदिवासींना राखीव क्षेत्रांत जावे लागले. म्हणून प्रेअरीचे 'रिकामेपण' ही निसर्गदत्त अवस्था नसून ती घडविली गेली, हे प्रारंभीच लक्षात ठेवले पाहिजे.

१८७२ च्या डोमिनियन भूमी कायद्याने वसाहतीची पद्धत निश्चित केली. सहा मैल लांब व सहा मैल रुंद अशा चौकोनास 'टाउनशिप' म्हटले गेले. त्यात प्रत्येकी एक चौरस मैलाचे, म्हणजे ६४० एकरांचे, ३६ 'सेक्शन' असत. सेक्शनचा चौथा भाग, म्हणजे १६० एकर, हे एका वसाहतकऱ्यास मिळणारे क्षेत्र होते. दहा डॉलर नोंदणी शुल्क भरून, तेथे तीन वर्षे वास्तव्य व ठरावीक मशागत केल्यावर जमीन त्याच्या मालकीची होई. कुटुंबप्रमुख नसलेल्या स्त्रियांना हा हक्क नव्हता. मोजणी करतानाच रस्त्यांसाठी ६६ फूट रुंदीचे पट्टे मोकळे ठेवण्यात आले. सास्काचेवानच्या बहुतांश भागात उत्तर-दक्षिण जाणारे पट्टे दर मैलावर, तर पूर्व-पश्चिम जाणारे पट्टे दर दोन मैलांवर आहेत. डोंगर, ओढा वा जुनी पायवाट यांचा विचार न करता नकाशावर आधीच आखलेल्या या रेषांनी पुढील शतकभराचा खर्च ठरवून टाकला.

१ सप्टेंबर १९०५ रोजी सास्काचेवान हा स्वतंत्र प्रांत झाला. १९०१ साली या प्रदेशाची लोकसंख्या ९१,२७९ होती. १९११ मध्ये ती ४,९२,४३२ वर पोहोचली. या झपाट्याने वाढणाऱ्या वस्तीसाठी १९०९ च्या सुमारास ग्रामीण पालिकांची व्यवस्था लागू झाली. सर्वसाधारण पालिकेत नऊ टाउनशिप, म्हणजे १८ मैल लांब व १८ मैल रुंद असा चौकोन, समाविष्ट करण्यात आला. हे क्षेत्र ३२४ चौरस मैल किंवा सुमारे ८३९ चौरस किलोमीटर होते. घोडागाडीने प्रवास करण्याच्या काळात शेतकऱ्याला कामकाजासाठी जाऊन परतता यावे, अशा बेताचे हे अंतर होते.

रचना व कार्यपद्धती

प्रांताच्या दक्षिणार्धात अशा जवळपास तीनशे पालिका आहेत. प्रत्येक पालिकेचे काही विभाग असतात, सामान्यतः सहा. प्रत्येक विभागातून एक सदस्य आणि सर्व क्षेत्रातून 'रीव्ह' नावाचा प्रमुख निवडला जातो. दैनंदिन कारभार प्रशासक पाहतो. पूर्वी त्यालाच चिटणीस-कोषाध्यक्ष म्हणत.

आपल्या दृष्टीने एक गोष्ट विशेष आहे. ग्रामीण पालिकेच्या सीमेत येणारी खेडी व लहान शहरे, स्वतंत्र दर्जा मिळाल्यास, तिच्या अधिकारक्षेत्रातून वगळली जातात. गाव ही एक संस्था आणि गावाभोवतीची शेती ही दुसरी संस्था, अशी विभागणी तेथे आहे. पालिकेचे कार्यालय अनेकदा अशा एखाद्या गावात, म्हणजे कायद्याने स्वतःच्या हद्दीबाहेरच, असते. आपली ग्रामपंचायत गावठाण व शिवार दोहोंना एकत्र धरते. तेथील ग्रामीण पालिका ही मुख्यत्वे शिवाराची संस्था आहे, असे म्हणता येईल.

रस्ते व पूल बांधणे आणि राखणे, हिवाळ्यात बर्फ हटविणे, तण व उंदीर यांचे नियंत्रण, अग्निशमनाची व्यवस्था, जमीनवापराचे नियमन आणि करवसुली ही तिची प्रमुख कार्ये आहेत. उत्पन्नाचा मुख्य स्रोत मालमत्ता कर हा असून तो बव्हंशी शेतजमिनीच्या मूल्यांकनावर आकारला जातो. काही भागांत तेल व नैसर्गिक वायूच्या विहिरींपासूनही कर मिळतो. पालिकेत राहत नसला तरी तेथे जमीन असलेला प्रांतातील पात्र नागरिक तिच्या निवडणुकीत मतदान करू शकतो.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर येथेच मिळते. माणसे स्थलांतर करतात, जमीन करीत नाही. शंभर कुटुंबांची शेते पंचवीस कुटुंबांच्या हाती गेली तरी करपात्र एकर तेवढेच राहतात. लोकसंख्या ओसरल्यावरही पालिका कोसळत नाही, याचे कारण तिचा पाया लोकसंख्येवर घातलेलाच नव्हता.

पालिकेचा डॉक्टर

जमिनीवरील कराने रस्त्यांखेरीज आणखी काय साधता येते, याचे उत्तम उदाहरण आरोग्यसेवेच्या इतिहासात सापडते. विरळ वस्तीत डॉक्टरचा व्यवसाय चालणे कठीण होते. पीक बुडाले की रोग्याकडे पैसे नसत आणि डॉक्टर अन्यत्र निघून जाई. १९१५ साली सार्निया क्रमांक २२१ या पालिकेपुढे हाच प्रसंग उभा राहिला. डॉक्टरने गाव सोडू नये म्हणून पालिकेने त्याला वर्षाला १,५०० डॉलर देऊ केले. असा खर्च करण्याचा स्पष्ट अधिकार त्या वेळी कायद्यात नव्हता. १९१६ मध्ये कायद्यात दुरुस्ती होऊन पालिकांना डॉक्टर नेमण्याची मुभा मिळाली. त्याच काळात अनेक पालिकांनी एकत्र येऊन 'युनियन हॉस्पिटल' उभारण्याचीही सोय झाली. १९४० च्या दशकाच्या मध्यापर्यंत पालिकेच्या डॉक्टरची पद्धत शंभराच्या आसपास ग्रामीण पालिकांत पोहोचली होती.

१९३९ मध्ये मॅकिलोप क्रमांक २२० या पालिकेत रीव्ह मॅट अँडरसन यांच्या पुढाकाराने माणशी वार्षिक वर्गणी घेऊन वैद्यकीय सेवा देणारी योजना सुरू झाली. यापुढील पाऊल स्विफ्ट करंट परिसरात पडले. पिटव्हिल क्रमांक १६९ या पालिकेचे चिटणीस विल्यम बुराक यांनी आसपासच्या पालिकांशी पत्रव्यवहार करून, सभा घेऊन लोकमत तयार केले. १९४५ मध्ये मतदान होऊन योजनेस संमती मिळाली आणि १ जुलै १९४६ पासून 'स्विफ्ट करंट आरोग्य विभाग क्रमांक १' मधील सर्व रहिवाशांना डॉक्टर व रुग्णालय या दोन्ही सेवा मिळू लागल्या. टॉमी डग्लस यांच्या शासनाने १ जानेवारी १९४७ पासून प्रांतभर रुग्णालय विमा लागू केला. १ जुलै १९६२ रोजी, वूड्रो लॉइड मुख्यमंत्री असताना, सार्वत्रिक वैद्यकीय विमा सुरू झाला. त्याला विरोध म्हणून डॉक्टरांनी २३ दिवस संप केला, पण योजना टिकली. संसदेने १९६६ मध्ये संमत केलेल्या कायद्याने हीच पद्धत पुढे देशभर पसरली.

कॅनडाच्या सार्वजनिक आरोग्यव्यवस्थेचे श्रेय सामान्यतः डग्लस यांना दिले जाते आणि ते योग्यच आहे. तथापि तिच्या मुळाशी काही शे शेतकऱ्यांच्या पालिका, त्यांचे रीव्ह आणि चिटणीस होते, हे विसरता येत नाही. एकट्या पालिकेला जे अशक्य होते ते अनेक पालिकांनी एकत्र येऊन केले. मात्र एकत्र येताना त्यांनी आपले स्वतंत्र अस्तित्व सोडले नाही, हेही येथे नोंदवावयास हवे.

रस्त्याच्या पट्ट्यावरील माणसे

जमीन हाच सभासदत्वाचा आधार मानला की ज्याच्याकडे जमीन नाही तो कोठे उभा राहतो, हा प्रश्न अपरिहार्य ठरतो. प्रेअरीवर त्याचे उत्तर शब्दशः मिळाले. १८८५ च्या उठावाच्या पराभवानंतर अनेक मेटी कुटुंबे भूमिहीन झाली. खासगी शेत आणि राखीव क्षेत्र या दोन्हींत स्थान नसल्याने त्यांनी रस्त्यांसाठी मोकळ्या ठेवलेल्या ६६ फुटी पट्ट्यांवर झोपड्या बांधल्या. त्यांना 'रस्त्याच्या पट्ट्यावरील लोक' असेच नाव पडले.

ही कुटुंबे आसपासच्या शेतांवर दगड वेचणे, झाडोरा तोडणे, कापणी करणे अशी कामे करीत. परंतु त्यांच्याकडे करपात्र जमीन नव्हती. कर भरणाऱ्याचीच शाळा ही समजूत प्रबळ असल्याने त्यांची मुले अनेक ठिकाणी शाळेबाहेर राहिली. पालिकेच्या हिशेबात ही कुटुंबे म्हणजे मदतनिधीवरील भार ठरली. १९३० च्या दशकातील दुष्काळानंतर त्यांना हुसकावण्याचे प्रकार घडले. मॅनिटोबातील सेंट मॅडलीन ही मेटी वस्ती १९३८ साली सार्वजनिक कुरणासाठी रिकामी करण्यात आली आणि तेथील घरे जाळण्यात आली. ज्या लोकशाहीने शेतकऱ्याला डॉक्टर मिळवून दिला, तिच्याच चौकटीत ही माणसे मोजली गेली नाहीत. ग्रामीण पालिकेचे मूल्यमापन करताना या दोन्ही नोंदी एकत्र वाचल्या पाहिजेत.

लोकसंख्येची घट आणि रस्त्यांचा भार

१९३१ साली सास्काचेवानची लोकसंख्या ९,२१,७८५ होती. त्यानंतरच्या दशकात अवर्षण, धुळीची वादळे व गव्हाच्या भावातील घसरण एकदम कोसळली. १९३७ साली प्रांतातील गव्हाचे सरासरी उत्पादन एकरी तीन बुशेलांहूनही कमी होते. बियाणे, चारा व अन्न यांची मदत पालिकांमार्फत वाटली गेली आणि त्यापायी अनेक पालिका कर्जबाजारी झाल्या. १९५१ पर्यंत लोकसंख्या ८,३१,७२८ इतकी उतरली. पुढे प्रांताची लोकसंख्या पुन्हा वाढून २०२१ मध्ये ११,३२,५०५ झाली, परंतु ही वाढ शहरांत झाली. शेतांची संख्या १९३६ मधील १,४२,३९१ वरून २०२१ मध्ये ३४,१२८ वर आली. ट्रॅक्टर व मोठी यंत्रे आल्याने एक कुटुंब हजारो एकर कसू लागले. २०२१ मध्ये शेताचे सरासरी क्षेत्र १,७०० एकरांहून अधिक होते.

माणसे कमी झाली म्हणून रस्त्यांचे काम कमी झाले, असे मात्र घडले नाही. पूर्वी रेल्वेमार्गावर दर आठ-दहा मैलांवर लाकडी धान्यकोठार असे आणि शेतकरी घोडागाडीने धान्य तेथे नेई. १९३० च्या दशकात एकट्या सास्काचेवानमध्ये अशी तीन हजारांहून अधिक कोठारे होती. १८९७ च्या करारातून आलेल्या 'क्रो' दरामुळे धान्याची रेल्वेवाहतूक स्वस्त होती. १९८० च्या दशकात हा दर बदलण्यात आला आणि १९९५ मध्ये वाहतुकीचे अनुदान पूर्णपणे बंद झाले. शाखा-मार्ग उखडले गेले, लाकडी कोठारे पाडली गेली आणि त्यांच्या जागी दूरदूर अंतरावर काँक्रीटची प्रचंड धान्यकेंद्रे उभी राहिली. पूर्वी रेल्वेने वाहिलेला भार आता अवजड ट्रकांतून पालिकेच्या खडीच्या रस्त्यांवर आला.

या भाराची कल्पना साध्या गणिताने येते. १८ मैल लांबी-रुंदीच्या पालिकेत दर मैलावर एक उत्तर-दक्षिण व दर दोन मैलांवर एक पूर्व-पश्चिम पट्टा धरला, तर पट्ट्यांची एकूण लांबी सुमारे ४८६ मैल, म्हणजे जवळपास ७८० किलोमीटर भरते. सर्वच पट्ट्यांवर रस्ते बांधलेले नसतात. निम्म्यांवरच रस्ता आहे असे गृहीत धरले, तरी ७२ माणसांच्या पालिकेत माणशी पाच किलोमीटरांहून अधिक रस्ता येतो. सहा सदस्य व एक रीव्ह धरल्यास तेथे सरासरी दहा रहिवाशांमागे एक लोकप्रतिनिधी येतो. करपात्र जमीन तेवढीच राहिली तरी बैठकीला बसण्यास, आग विझविण्यास व ग्रेडर चालविण्यास माणसे लागतात, आणि ती जमिनीतून उगवत नाहीत.

एकत्रीकरणाचा वाद

लहान पालिका एकत्र करून मोठी घटके निर्माण करावीत, ही सूचना नवी नाही. १९५२ साली विल्यम बेकर यांच्या अध्यक्षतेखाली नेमलेल्या शेती व ग्रामीण जीवन आयोगाने मोठ्या घटकांचा पुरस्कार केला होता. तो पालिकांनी स्वीकारला नाही. मात्र प्रत्येक पट्ट्यावर रस्ता करण्याऐवजी निवडक मुख्य रस्त्यांचे जाळे प्रांताच्या साहाय्याने बांधावे, हा त्या काळातील विचार मान्य झाला आणि १९५६ पासून सुमारे बारा हजार मैलांच्या 'ग्रिड रस्त्यां'चा कार्यक्रम राबविण्यात आला. २००० साली जोसेफ गार्सिया यांच्या अध्यक्षतेखालील कार्यगटाने पुन्हा मोठ्या प्रमाणावरील एकत्रीकरण सुचविले. ग्रामीण भागातून तीव्र विरोध झाल्यावर शासनाने सक्ती केली नाही.

या विरोधामागे केवळ अभिमान होता असे म्हणता येणार नाही. शाळांची लहान मंडळे एकत्र झाल्यावर खेड्यांतील शाळा बंद झाल्याचा अनुभव लोकांजवळ होता. १९९३ मध्ये ५२ लहान ग्रामीण रुग्णालयांचे अर्थसाहाय्य काढून घेण्यात आले, तेही विस्मरणात गेले नव्हते. निर्णयाचे केंद्र दूर गेले की सेवाही दूर जाते, हा त्यातून काढलेला निष्कर्ष होता.

शेजारच्या मॅनिटोबाने वेगळा मार्ग पत्करला. २०१३ च्या कायद्याने एक हजाराहून कमी लोकसंख्येच्या पालिकांना शेजाऱ्यांशी एकत्र येणे भाग पडले आणि १ जानेवारी २०१५ रोजी पालिकांची संख्या १९७ वरून १३७ वर आली. येथे जमिनीऐवजी लोकसंख्या हा निकष लावण्यात आला. सास्काचेवानने एकत्रीकरण ऐच्छिक ठेवले. परिणामी, सास्काटून शहरालगतची आठ हजारांहून अधिक वस्तीची कॉर्मन पार्क आणि सत्तरच्या आसपास वस्तीची ग्लेन मॅकफर्सन या एकाच प्रकारच्या संस्था म्हणून नांदत आल्या आहेत.

निष्कर्ष

वरील विवेचनावरून असे दिसून येते की, 'किती माणसांना स्वतंत्र पालिका असावी' हा प्रश्नच अपुरा आहे. पालिकेच्या कामांना एकच परिमाण लागू पडत नाही. रस्त्यांचा खर्च जमिनीच्या विस्तारावर अवलंबून असतो, डॉक्टर व रुग्णालय यांची शक्यता माणसांच्या संख्येवर, आणि स्वशासन हे वेळ देण्यास तयार असलेल्या व एकमेकांना ओळखणाऱ्या नागरिकांवर. १९०९ च्या सुमारास या तिन्ही गोष्टी १८ मैलांच्या एकाच चौकोनात सामावत होत्या. आज त्या सामावत नाहीत.

यावर सास्काचेवानच्या इतिहासाने एक मार्ग दाखविला आहे. निर्णय शक्य तितका जवळ ठेवावा आणि सेवेसाठी आवश्यक तितके मोठे क्षेत्र एकत्र करावे, हे तत्त्व युनियन हॉस्पिटल व स्विफ्ट करंट आरोग्य विभाग यांच्या रूपाने तेथे प्रत्यक्षात उतरले होते. विलीनीकरण की अलगपण, या द्वंद्वापेक्षा कामानुसार सहकार्य हा पर्याय अधिक टिकाऊ वाटतो. त्यासाठी मात्र बुराक यांच्यासारखा, शेजारच्या पालिकांना पत्रे लिहिणारा कोणीतरी चिटणीस असावा लागतो. माणसे अगदीच विरळ झाली तर हा दुवाही तुटतो.

त्याचबरोबर, संस्थेचा पाया जमिनीवर ठेवण्याची किंमत पट्ट्यावरील मेटी कुटुंबांनी मोजली, हेही दृष्टिआड करता येत नाही. आपल्याकडे स्थानिक स्वराज्याचा अभ्यासक्रम शिकविताना लोकसंख्येचा निकष स्वयंसिद्ध म्हणून मांडला जातो. प्रेअरीवरील उदाहरण पुढे ठेवल्यास, कोणताही निकष निवडताना कोणाची गणना होते आणि कोणाची राहून जाते, हा प्रश्न विद्यार्थ्यांसमोर अधिक स्पष्टपणे उभा राहील.